उलट्या डोंगराची ताई

टीव्ही केंद्रात ताई लागली ती कपडेपटात. बातम्या देणाऱ्यांच्या कोटांना इस्त्री मारायची, सुटलेली बटणं लावायची. एकदा मुलांच्या कार्यक्रमासाठी गाणारी मंडळी आलीच नाहीत. बारा मिनिटं रिकामी, आणि निर्माता डोक्याला हात लावून बसलेला. ताईने उरलासुरला फोम आणि एका कोटाचं अस्तर घेऊन दोन तासांत एक बाहुला शिवला आणि टेबलामागे बसून त्याच्या तोंडून बोलायला लागली. तो ढुम्या. आभाळातून उलट्या लटकलेल्या डोंगरावर राहायचा आणि रोज ढग चारायला न्यायचा. खाली पडू नये म्हणून तिथली माणसं रात्री एकमेकांना दोरीने बांधून झोपायची.

त्या बारा मिनिटांची नऊ वर्षं झाली. लिहायचं तिने, शिवायचं तिने, सहाही पात्रांचे आवाज काढायचे तिनेच. टेबलामागे बसून बसून गुडघे कामातून गेले. रस्त्यात पोरं अडवायची, ढुम्यासारखं बोल म्हणायची, की ती पिशवी खाली ठेवून बोलायची. घरी येईपर्यंत घसा बसलेला असायचा. मुलगी काही सांगायला आली की ताई ओठांवर बोट ठेवायची, खुणेनेच सांगायची, उद्या. पोरीची वेणी, डबा, अभ्यास नवऱ्याने बिनबोभाट सांभाळलं. मुलगी कॉलेजात असताना तो गेला.

मग नवे साहेब आले. त्यांनी एका बैठकीत कार्यक्रम बंद केला. मुलांना आता काहीतरी वेगवान लागतं म्हणाले. तो पुन्हा सुरू व्हावा म्हणून पुढची कितीतरी वर्षं ताईने कचेऱ्यांचे उंबरठे झिजवले. एका ठिकाणी सगळी गोष्ट ऐकून घेतली, माना डोलावल्या, आणि ढुम्याच्या हातात बिस्किटांचा पुडा देता येईल का म्हणून विचारलं. ती तडक उठून आली. जिना उतरताना वाटलं, द्यायला हवा होता. परत वर मात्र ती गेली नाही.

साठी उलटल्यावर तिला एकच ध्यास लागला, जुने भाग डोळेभरून बघायचे. ती केंद्रात गेली. चित्रफिती सांभाळणारे गृहस्थ जुन्या ओळखीचे. त्यांनी खुर्ची दिली, पाणी दिलं आणि बराच वेळ नुसतीच नोंदवही चाळली.

"ताई, तुमचं काही राहिलं नाही," ते शेवटी म्हणाले. "तेव्हा फितींचा तुटवडा होता. वरून आदेश आला. मीच पुसल्या. त्यांच्यावर फुटबॉलचे सामने घेतले."

"सगळ्या?"

"दोनशे चौदा."

घरी पोचताच तिने माळ्यावरची पेटी ओढून काढली. निदान ढुम्या तरी असेल. चादरीत गुंडाळलेला होता. उचलला तर डोकं भसकन आत गेलं. फोम कुजून पिवळा भुगा झाला होता. तिने आत हात घालून तोंड हलवून पाहिलं, तर ओठच गळून मांडीवर पडले.

दुसऱ्या दिवसापासून ती आठवून आठवून भाग लिहायला बसली. एकेचाळीस झाले आणि विहीर आटावी तसं डोकं कोरडं पडलं. ताटातलं अन्न गार व्हायचं, ती भिंतीकडे बघत बसायची, मधूनच स्वतःच्या कपाळावर चापट्या मारायची. शेवटी शेजारणीने मुलीला फोन करून बोलावून घेतलं.

मुलगी चप्पल काढते न काढते तोच ताईने विचारलं, "तुला एखादा भाग आठवत असेल. एखादं वाक्य तरी?"

"मी बघतच नव्हते, आई. टीव्हीवर तू लागलीस की मी बाथरूममध्ये जाऊन नळ सोडायचे." मुलगी दारातच उभी राहिली. "तुझा आवाज साऱ्या गावाशी बोलायचा. माझ्या वाट्याला तुझं ओठांवरचं बोट."

दुपारभर दोघी दोन खोल्यांत होत्या. मुलीने वही वाचून काढली असावी, कारण उन्हं कलल्यावर ती शेजारी येऊन बसली आणि म्हणाली, एक आठवतोय. ढुम्याचा एक ढग हरवतो. शोधता शोधता त्याला डोंगराला पडलेलं भोक सापडतं. खाली एका घरात एक मुलगी एकटीच ताटं धूत असते. तो दोरी सोडतो, उतरतो आणि तिला विचारतो, आज शाळेत काय झालं? ती सांगते. सांगतच राहते.

ताई लिहीत होती. अर्ध्यावर तिच्या लक्षात आलं, हा भाग आपण कधी केलाच नव्हता. पेन थांबलं.

"लिही ना," मुलगी म्हणाली.

तिने लिहिलं. वर आकडा घातला, बेचाळीस.

त्यानंतर वहीत अक्षर उमटलं नाही. आता दर रविवारी मुलीचा फोन येतो. ती चार गोष्टी सांगते, ताई ऐकते. चार संपल्या की ताई विचारते, "आणि?"