हळवं मीठ

कुठलीही जड वस्तू उचलण्याआधी काकी तिच्यावर थोपटायची. ट्रक असो, लोखंडी कपाट असो, नाहीतर तांदळाचं पोतं. धार काढायच्या आधी म्हशीला थोपटतात तसं. मग म्हणायची, "चल बाय, हलकी हो," आणि मूठभर मीठ खाली सरकवायची.

हळवं मीठ ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. आमचं गाव उरणच्या बाजूला. गावच्या मिठागरात एकच वाफा असा होता की त्यातलं मीठ निळसर पडायचं. भाजीत घातलं तर कडू. पण एखाद्या वस्तूखाली ठेवलं, की तिचं वजन जायचं. कोळणी पाटीखाली ठेवत, बायका चुंबळीत घालून हंडे आणत. अट एकच. काम झालं की भरती यायच्या आत ते मीठ खाडीत सोडायचं, नाहीतर घेतलेला भार दुपटीनं परत येतो. एका लग्नघरी कपाटाखालचं मीठ काढायला विसरले. ते कपाट आजही वीतभर फरशीत रुतलेलं आहे आणि खालचा खण कुणाला उघडता येत नाही. मंडळी त्याला पडदा लावून राहतात.

तो वाफा काकीच्या घरचा. माझं बंदराच्या रस्त्यावर पंक्चरचं दुकान. भरलेल्या ट्रेलरला जॅक पुरेना, की मी काकीला निरोप धाडायचा. ती बरणी काखेत घेऊन यायची, काम करायची, चहात खारी बुडवून खायची आणि वापरलेलं मीठ पदरात बांधून खाडीकडे निघून जायची.

आमच्या बोलीत ळ नाही. काकी हळवंला 'हलवं' म्हणायची. एकदा साताऱ्याकडचा नवा ड्रायव्हर आला होता. मीठ थोडं कमी पडलं, म्हणून ट्रेलरखालून काकी मला ओरडली, "आजून हलवं, हलवं रं." ड्रायव्हरला वाटलं, गाडी हलव म्हणतेय. त्यानं गिअर टाकला. काकी चपळ, ती बाजूला झाली. पण ट्रेलर इतका हलका झालेला, की तो तिरका सरकत समोरच्या चहाच्या टपरीला जाऊन टेकला. टपरीवाल्यानं एका हातातली किटली न सोडता दुसऱ्या हातानं त्याला मागे ढकललं. ड्रायव्हर खाली उतरला तो थेट देवाचं नाव घेत.

"काकी, ळ म्हणायला शीक," मी म्हटलं.

तिनं खूप प्रयत्न केला. "जीभच जड हाय माजी," शेवटी ती म्हणाली. "तिच्याखाली ठेवू काय जरासं?"

काकीचा नवरा मिठागरात पोती वाहायचा. अंगानं आडवातिडवा माणूस. हळव्याला त्यानं कधी हात लावला नाही. "त्ये बायकांचं काम," म्हणायचा. पुढं त्याला लकवा झाला आणि तो अंथरुणाला खिळला. तेव्हापासून काकी सकाळ-संध्याकाळ गादीखाली मूठभर मीठ ठेवायची आणि एका हातानं त्याला कुशीवर वळवायची, पुसून काढायची. मी एकदा गेलो, तर तिनं त्याला लेकरासारखं कडेवर घेतलं होतं आणि दुसऱ्या हातानं चादर बदलत होती. तो भिंतीकडे बघत होता. ती मात्र बाजारात बोंबील कसे महागले ते सांगत होती. त्या माणसाच्या पाठीला कधी जखम झाली नाही.

मग कंटेनर यार्ड वाढलं. खाडीचं पाणी अडवलं, डंपर आले, मुरूम पडला. निळा वाफा त्याखाली गेला. काकीकडे एक बरणी तेवढी राहिली.

तेव्हा सगळ्यांनाच मीठ हवं झालं. रुतलेल्या कपाटाचे ते लग्नघरचे आले. नागावचा एक होमस्टेवाला गच्चीवर टाकी चढवायला आला. मीही ट्रेलरसाठी मागून बघितलं.

"न्हाय रं बाबा," ती म्हणाली. "आता ह्ये म्हाताऱ्याचं हाय."

लेक बोर्ली पंचतनला दिलेली, घरात दुसरं कुणी नाही. मीठ संपलं तर त्याला कोण वळवणार, हा तिला एकच घोर. मीठ पुरावं म्हणून तिनं दिवसातून दोनदाचं एकदा केलं. चहा पिताना मला म्हणाली, "तो आदी सरतो का मीठ, येवडंच बगायचं." आज नळाला पाणी येईल का, असं विचारावं तशा आवाजात.

आधी तो गेला. बरणीच्या तळाला मीठ उरलं होतं.

स्मशान यार्डाच्या पलीकडे, भिंतीला वळसा घालून जायचं, आणि रस्ता चिखलाचा. तिरडी उचलली आणि गल्लीच्या तोंडाशीच आम्ही चौघे वाकलो. पुढचा म्हणाला, "काकी, उरलंय ना थोडं? टाक ना खाली."

"आज त्याला हलका करू नका," काकी म्हणाली.

मग ती माझ्याजवळ आली. "सर जरा." आमच्याकडे बायका खांदा देत नाहीत, पण तिला नाही कोण म्हणणार? मी सरलो. तिनं बांबू खांद्यावर घेतला आणि तिचे गुडघेच लवले. कशीबशी सावरली, थोडी चालली, थांबली. इतकी वर्षं रोज उचललेल्या माणसाकडे मान वळवून तिनं बघितलं.

"येवडा जड व्हता व्हय," ती म्हणाली.

मी खांदा परत मागितला. तिनं दिला नाही.