नाव घालू का?
वडगावच्या एसटी स्टँडवर एक म्हातारा मोठ्यानं पेपर वाचत होता आणि ऐकणारे माझ्याकडं बघत होते. जत्रेतली शेवटची कुस्ती नुरा झाली, पैलवान ठरवून पडला, असं छापलं होतं. पुढं माझ्या मुलाचं नाव होतं. ‘मावशी, पडायचं किती मिळालं पोराला?’ एकानं विचारलं, आणि सगळे हसले. मला मान वर करता येईना. लिहिणारा माझा धाकटा भाऊ. पुण्याच्या पेपरात त्याचं कुस्तीचं सदर यायचं. जत्रेच्या फडातून तो थेट माझ्या चुलीपाशी येऊन बसला होता. मुलगा मोरीत अंगावरची लाल माती धूत होता, आणि त्या ताकातेलात मळलेल्या मातीचा आंबूस वास घरभर पसरला होता. भाऊ म्हणाला, ‘ताई, भाचा पडला न्हाई, निजला. ह्याचं झाकलं तर उद्या दुसऱ्याचं कुठल्या तोंडानं लिहू?’ मी मोरीच्या दारात गेले. ‘खरं हाय का रं?’ मुलगा वर न बघता म्हणाला, ‘समोरच्या पैलवानाच्या आजारी बापाला उचलून आणलं व्हतं बघायला. मग म्या पडलो.’ ‘आन बाकीची माणसं काय येडी म्हणून आल्ती?’ मी म्हणाले. भावानं हळूच विचारलं, ‘नाव घालू का?’ ‘दुसऱ्याच्या पोराचं घालतोस न्हवं? घाल.’ मुलानं परत लंगोट बांधला नाही, भाऊ मात्र लिहीत राहिला. घाल म्हणणारी मीच, त्या पैलवानाची आई.