शब्द संपल्यानंतरचा पियानो

नव्वदच्या दशकात आखातातल्या करामा या वस्तीत मला सगळे पेटीवाला म्हणत. मंडळाचा गणपती असो की कुणाच्या घरची मंगळागौर, भावगीतांना साथ माझीच. त्याचा मला भारी ताठा होता. म्हणून ऑफिसातल्या जर्मन इंजिनिअरने साथ कराल का विचारलं तेव्हा मी विचार न करता हो म्हणालो.

त्याच्या बायकोला घशाचा कॅन्सर होता. आठ दिवसांनी स्वरयंत्र काढणार होते. त्याआधी तिला एक गाणं स्वतःच्या आवाजात कॅसेटवर हवं होतं आणि साथ करणारी मैत्रीण मायदेशी गेली होती. मला त्यांचं नोटेशन वाचता येत नाही, म्हणून त्याने दुसऱ्या कुणी गायलेल्या त्याच गाण्याची एक जुनी कॅसेट दिली. गाण्यातल्या कवितेचा अर्थ त्याच्या बायकोनेच समजावला. नावाडी काठावर प्रेयसीची वाट बघतोय आणि शेवटी म्हणतो, ती येईल.

मी घरच्या कीबोर्डवर चाल बसवायला लागलो.

"अहो, पूर्ण ऐका तरी," माझी बायको म्हणाली. "शब्द संपले की लगेच रिवाइंड काय करता?"

"गाणं खलास झालं ना तिथे," मी म्हणालो.

रेकॉर्डिंग त्यांच्या घरी, त्यांच्या पियानोवर झालं. तिचा आवाज फाटत होता, पण एक शब्द निसटला नाही. 'ती येईल' म्हणून ती थांबली. मीही थांबलो आणि ऐटीत टेपचं बटण दाबलं. ती मात्र पियानोकडे बघत तशीच उभी.

"अजून आहे," नवरा हळूच म्हणाला. "ती येत नाही, हे कवीने लिहिलेलं नाही. ते पियानो सांगतो."

तेवढंच मला येत नव्हतं. शेवट जमेल तसा वाजवतो, पुन्हा घेऊ म्हटलं, पण तिच्या गळ्यातून सूरच निघेना. आजही ते आठवलं की स्वतःची चीड येते.

मग महिनाभर बसून मी तो शेवट शिकलो. सांगायला गेलो तेव्हा ऑपरेशननंतर ती अजून हॉस्पिटलमध्येच होती. तिथून ती परत आली नाही.

काही दिवसांनी त्याने मला घरी बोलावलं आणि कॅसेट लावली. 'ती येईल,' तिचा आवाज म्हणाला आणि खट्कन तुटला, पुढे टेप कोरी. मी पियानोपाशी बसलो होतो, तो समोर. पुढचे सूर आता मला पाठ होते, पण बोटं उचलेनात.

"वाजवा," तो म्हणाला.

मी वाजवलं.