पाच चाळीसची गाडी

स्टँडवरच्या फळ्यावरची पाच चाळीसची ओळ ओल्या फडक्यानं पुसलीय, तरी खडूचे आकडे अजून दिसतात. पुसताना कुणी कुणाला विचारलं नाही. परत लिहायला मात्र कोर्ट लागतं.

"प्रवासीच नाहीत," असं आगाराचे साहेब कोर्टात सांगतात. धडधडीत खोटं! गाडी कॉलेजच्या पोरींनी खच्चून भरायची. पण पोरींकडे पास. तिकीट फाटत नाही, म्हणून त्या मोजायच्याच नाहीत.

गाडी परत सुरू करा, हा अर्ज माझा आहे, उद्या सुनावणी. गाड्यांच्या वेळापत्रकात कोर्ट पडत नाही, असं न्यायाधीश म्हणाले तर?

बारावीतली रेखा शेजारी येऊन उभी राहिली. "ताई, घरी अण्णा म्हणतात, गाडी नाही तर कॉलेज नाही."



तिनं पास काढून माझ्या हातात ठेवला. "हा दाखवा कोर्टाला. माझा फोटो आहे त्याच्यावर."