बॉयलरच्या कपाटातले देव

आमच्या ब्रिटनमधल्या कार्डिफच्या घरात देव बॉयलरच्या, म्हणजे गरम पाण्याच्या टाकीच्या कपाटात राहायचे. वरच्या फळीवर देव, खालच्या फळीवर टॉवेल, आणि पलीकडे लगेच बाथरूम. पाहुण्या बायका नाक मुरडायच्या. आई त्यांना सरळ सांगायची, "जानेवारीत चार दिवस राहा इथे, मग बोला." घरातली तेवढीच जागा कोरडी आणि उबदार होती.

फार्मसीची डिग्री अर्ध्यावर सोडून मी सिनेमाचे सेट बांधणाऱ्यांत शिरले, तेव्हा बाबा एका हॉस्पिटलमध्ये डॉक्टर होते. "सुतारकाम करायला शिकवलं का तुला?" असं म्हणून त्यांनी मला एक वर्ष दिलं. पडद्यावर नाव दिसलं तर मानीन, नाहीतर परत युनिव्हर्सिटीत.

माझा साहेब साठीचा इटालियन. गिलावा करणाऱ्या बापाच्या हाताखाली शिकला, मग नाटकांचे पडदे रंगवले, मग सिनेमांचे सेट उभे केले. निर्माते खर्च वाचवायला त्याचे सेट अर्ध्यावर कापायचे. चाळिशीत तो वैतागला आणि स्वतःच निर्माता झाला. "आता माझी भिंत पाडायची तर मला विचारावं लागतं, आणि मी नाही म्हणतो," हे तो मिटक्या मारत सांगायचा.

त्या वर्षीच्या त्याच्या सिनेमात ब्रिटनमधल्या एका मराठी डॉक्टरचं सत्तरच्या दशकातलं घर हवं होतं. साहेबानं ते माझ्यावर सोपवलं. मी कपाट बांधलं, आईचे जुने टॉवेल न विचारता उचलून आणले, देव मांडले. टाकीमागे एक बल्ब लपवला, म्हणजे दार उघडलं की ऊब लागेल.

इंग्रज दिग्दर्शक आला आणि त्यानं विचारलं, "देव कुठे आहेत?"

"कपाटात."

तो हसला. त्याला हॉलमध्ये मोठा गणपती हवा होता, झेंडूच्या माळा, उदबत्तीचा धूर. "लोकांना हे भारतीय वाटणार नाही," म्हणाला.

मी साहेबाकडे पाहिलं. निर्माता तोच, त्यानं एक शब्द टाकला असता तर विषय संपला असता. तो थंडपणे म्हणाला, "माझ्या भिंतींसाठी मी भांडलो. ही तुझी आहे."

मला त्याचा भयंकर राग आला. त्याच रागात मी बोलले. म्हटलं, माझ्या आईनं लोकांना भारतीय वाटावं म्हणून देव मांडले नव्हते. तुम्हाला झेंडूच हवा असेल तर लावा, पण मग माझं नाव काढा. बोलून झाल्यावर बाबांनी दिलेलं वर्ष आठवलं. नावच काढलं तर बाबांना काय दाखवणार होते? तरीही शब्द मागे घेतला नाही. घेणारही नव्हते.

साहेब उठला. सेटच्या उंबऱ्यावर त्यानं बूट काढले. मी सवयीनं रोज तिथे चपला काढायची आणि सेफ्टीवाल्याची बोलणी खायची, ते त्यानं पाहिलेलं असणार. मोज्यांवर चालत जाऊन त्यानं कपाट उघडलं, आत हात धरला.

"कॅमेऱ्याला ऊब दिसत नाही," दिग्दर्शक म्हणाला.

"नटीला कळते," साहेब म्हणाला. "एकदा करून बघ."

आईचं काम करणाऱ्या नटीनं दार उघडलं. हात जोडायच्या आधी तिनं गारठलेले तळवे देवांसमोर शेकले. हे तिला कोणी सांगितलं नव्हतं. दिग्दर्शकानं तो शॉट ठेवला आणि माळांचे खोके परत पाठवले.

सिनेमा लागला तेव्हा आईबाबांना घेऊन गेले. कपाट पडद्यावर चार सेकंद दिसलं. शेवटी लोक उठून जाऊ लागले, बाबा मात्र चष्मा पुसून बसून राहिले. बारीक अक्षरांच्या ओळी सरसर वर गेल्या.

"तुझं होतं का त्यात? फार पटकन गेलं."

"होतं, बाबा."

"नाव कशाला वाचायला हवं?" आई कोटाची बटणं लावत म्हणाली. "टॉवेल माझे होते. उद्या आणून दे."