पाय अजून गरम होते

आमच्या मठाच्या चरित्रग्रंथात एकतीस बहिणींच्या कथा आहेत आणि त्या सगळ्या माझ्या हातच्या आहेत. कुणाला प्रार्थनेत गोड वास आला, कुणी वेदीपुढे हातभर उंच उचलली गेली, कुणाच्या मांडीवर बाळ येशू येऊन बसला. त्यांत कामकरी बहीण एकही नाही. चुलीपाशी आणि गोठ्यात राबणाऱ्यांना दृष्टान्त होत नाहीत, आणि झालेच तर सांगायला त्यांना सवड नसते. म्हणून गुटा त्या ग्रंथात नाही. तिची गोष्ट मी या सुट्या पानांवर लिहिते आहे. ही पानं कुणी वाचावीत असं मला वाटतं की नाही, ते अजून ठरत नाही.

गुटा व्होजच्या डोंगरातल्या एका कोळसा पाडणाऱ्याची मुलगी. सोळाव्या वर्षी ऱ्हाईनकाठच्या आमच्या मठात आली ती एक शेळी घेऊन. शेळी दोन वर्षांत मेली, गुटा राहिली. बुटकी, रुंद बांध्याची, बोलायला फटकळ. अक्षरशत्रू. पाठ केलेली लॅटिन प्रार्थना ती कोंबड्यांना दाणे टाकावेत तशी भराभर उधळून मोकळी व्हायची. पण आजारी माणसाच्या उशाशी तिच्यासारखी दुसरी नव्हती, आणि म्हणून बावीस वर्षं दुखणाईतांची खोली तिच्याच ताब्यात होती.

त्या खोलीबाहेर ओकची एक फळी टांगलेली असते आणि शेजारी लाकडी हातोडा. बहीण अगदी शेवटाला आली की फळी वाजवायची. मग हातातलं काम टाकून, चालू प्रार्थना अर्धी सोडून सगळ्यांनी धावायचं. मरणारीने पलंगावर मरायचं नाही. फरशीवर राखेचा क्रूस काढून त्यावर गोणपाट टाकायचं आणि त्यावर तिला निजवायचं. फळी कधी वाजवायची ते गुटा ठरवायची. ती चेहरा बघायची नाही, पाय चाचपायची. म्हणायची, "मरण पायाकडून चढतं. तोंडाकडे काय बघता, तोंड लबाड असतं."

बावीस वर्षांत ती एकदाच चुकली. म्हाताऱ्या गेपाताईंसाठी फळी वाजली, आम्ही धापा टाकत पोचलो, तर गेपाताई राखेवर उठून बसल्या आणि म्हणाल्या, "कोण गेलं गं?" हसून हसून आमची पुरेवाट झाली. त्यांना उचलून पलंगावर ठेवलं, त्या पुढे सहा वर्षं जगल्या, आणि गुटा दिसली की विचारायच्या, "आज वाजवतेस का? नाही म्हणजे, जेवून घेते."

विलबिर्ग आली तेव्हा मात्र असं हसायचे दिवस संपत आले होते. दोन वर्षांपूर्वी शहरातल्या बाजारात दोन भाविक बायकांना जाळलं होतं. देवाने आपल्याशी काय बोलणं केलं ते त्यांनी लिहून ठेवलं होतं, एवढाच गुन्हा. तो धूर द्राक्षमळ्यांवरून आमच्या अंगणापर्यंत आला होता. तेव्हापासून ‘प्रभू मला म्हणाला’ असं लिहिताना मी आधी दाराकडे बघायची.

विलबिर्ग एका सरदाराची मुलगी, चोवीस वर्षांची. ती आपले दृष्टान्त सांगायला लागली की मी हातातलं दुसरं लिखाण बाजूला सारायची. तीस वर्षं मी म्हाताऱ्यांचे गोड वास लिहीत आले होते, आणि इथे खरी आग होती. खोटं कशाला सांगू, मला हाव सुटली. ती बोलायची, मी लिहायची, आणि आमचे पापनिवेदन ऐकणारे फादर रुडगेर आठवड्याला दोनदा येऊन पानं घेऊन जायचे आणि दुसऱ्या मठांमधून वाचून दाखवायचे. त्यांनाही हाव होतीच, फक्त त्यांची हाव गोड बोलायची.

त्या वर्षी द्राक्षं उतरल्यावर विलबिर्गला ताप भरला. तापातच एका सकाळी ती स्वच्छ आवाजात म्हणाली, "येत्या मेणबत्त्यांच्या सणाला माझा नवरदेव, प्रभू येशू, मला न्यायला येणार." मी लिहिलं. सणाचं नाव लिहिलं, फेब्रुवारीच्या सुरुवातीला येतो तो, आणि सालही लिहिलं. आठ दिवसांत फादरनी ते सहा मठांना कळवलं.

आणि मग गुटाने तिला बरं केलं.

जवाचं पाणी, कोंबडीचं सूप, छातीला हंसाची चरबी. नाताळपर्यंत ताप पार गेला. विलबिर्ग सुकवलेले नाशपाती खायला लागली, आणि एकदा तर तिच्या हसण्याचा आवाज मी माझ्या मेजापर्यंत ऐकला. गुटा स्वयंपाकघरात येऊन छाती काढून म्हणाली, "त्या नवरदेवाला म्हणावं, पुढच्या वर्षी ये. आमची मुलगी एवढ्यात निघत नाही."

कुणी हसलं नाही. आचारीण बहिणीने डाव खाली ठेवला आणि ती बाहेर निघून गेली. गुटाला कळेना, आपलं काय चुकलं.

चुकलं हे, की त्याच सकाळी निरोप आला होता. सणानंतरच्या आठवड्यात बिशपांचा माणूस मठात येणार होता, विलबिर्गची पानं तपासायला. आम्ही चाळीस जणी; एकीनेही तोंडाने काही म्हटलं नाही आणि सगळ्यांना सगळं समजलं. भाकीत खरं ठरलं तर ते देवाकडून. खोटं ठरलं तर सैतानाकडून. मग तोंड कुणाचं, हात कुणाचा, छप्पर कुणाचं, असे प्रश्न सुरू होणार. त्यांची उत्तरं शहराच्या बाजारात कशी देतात ते आम्हाला माहीत होतं.

जानेवारीत तीन राजांचा सण झाल्यावर आईसाहेबांनी, म्हणजे आमच्या मठप्रमुख हाइल्विग यांनी, सभेत सांगितलं की आजपासून विलबिर्गचा उपास, पाणी आणि पवित्र भाकर एवढंच, तशी तिचीच इच्छा आहे. विलबिर्गने मान हलवली. तिला आता आपल्याच शब्दाचं भय वाटत होतं. तो आवाज खोटा असेल तर आधीचे सगळेच खोटे, आणि मग तिच्यापाशी उरलं काय?

गुटा तिला झग्याखालून सूप नेऊन देत राहिली. सहाव्या दिवशी पकडली गेली. आईसाहेबांनी दुखणाईतांच्या खोलीत तिच्यावर नजर ठेवायला डेमुटला बसवलं. आमच्या गायनाची प्रमुख ही, देवाने गळा दिला आणि काळीज द्यायचं विसरला. मग गुटा माझ्याकडे आली. माझ्या मेजापाशी ती तोवर कधी आली नव्हती.

"ओटिलीताई, त्या पानावर साल लिहिलंय का?"

"लिहिलंय."

"मग खोडा. नुसतं मेणबत्त्यांचा सण राहू द्या. सण काय, दरवर्षी येतो. ती म्हातारी होऊन मरेल एखाद्या सणाला."

"फादरांकडे प्रती गेल्यात गुटा."

"जाऊ देत ना. त्यांना कळवा, लिहिताना हात चुकला. माझा नाही का चुकला, गेपाताईंच्या वेळी? कुणी मेलं का त्याने?"

"हे तसं नसतं," मी म्हणाले. "देवाचा शब्द आहे तो."

तिने माझ्या मेजावरची धारदार सुरी उचलली, चामड्यावरची शाई खरवडायची, आणि माझ्यासमोर ठेवली. "ही कशाला असते मग?"

मी सुरी पुन्हा जागेवर ठेवली. जे झालं त्यात माझा वाटा हा एवढा आहे, आणि तो थोडा नाही. एक ओळ खरवडायची होती. मी घाबरले, हे खरंच; पण त्याहून खरं हे की ती ओळ मला फार आवडली होती.

गुटा दाराकडे वळली. मग म्हणाली, "झाकून ठेवा तुमचं पुस्तक, धूळ बसेल," आणि गेली.

सणाच्या दिवशी सकाळी आम्ही मेणबत्त्या घेऊन अंगणातून मिरवणुकीने गेलो. वारा इतका की निम्म्या विझल्या. चार जणींनी विलबिर्गला खुर्चीवरून प्रार्थनामंदिरात आणलं. चार आठवड्यांच्या उपासाने तिचं पाखरू झालं होतं, पण गालांवर रंग होता. सगळ्या जणी त्या रंगाकडेच बघत होत्या. मीही.

दुपारी आईसाहेब दुखणाईतांच्या खोलीत आल्या. मी पाटी-लेखणी घेऊन आधीच तिथे बसले होते, शेवटचे शब्द टिपायला. आईसाहेब वाईट बाई नव्हत्या. चाळीस जणींचा भार त्यांच्या मानेवर होता आणि तो त्यांना पेलत नव्हता.

"गुटा, फळी वाजव."

गुटाने पांघरुणाखाली हात घातला. "पाय गरम आहेत, आईसाहेब."

"मी तुला पायांचं विचारलं नाही."

"पण मी पायांवरच वाजवते ना. बावीस वर्षं तेच करत आले."

"तू आज्ञा पाळायची शपथ घेतली आहेस." आईसाहेबांनी दाराकडे बोट केलं. "वाजव, बाई."

तेव्हा विलबिर्ग म्हणाली, "वाजव गुटा. येईल तो. फळी ऐकून तरी येईल."

गुटाने एकदा तिच्याकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. आणि मग तिचा चेहरा एकदम मोकळा झाला. तिने काय विचार केला ते तिने मला नंतर सांगितलं: वाजवावी. चाळीस जणी धावत येतील, मुलगी जिवंत बघतील, गालांवर रंग बघतील. आईसाहेब एकट्या आहेत, त्या चाळीस आहेत. गेपाताईंना उचललं तसं हिलाही उचलतील, आणि हसतील. तिचा आमच्यावर भरवसा होता, दुसरं काही नाही. ती बाहेर गेली आणि तिने फळी अशी वाजवली की छपरावरची कबुतरं उडाली.

आम्ही जमलो. राख पसरली, गोणपाट घातलं, विलबिर्गला उचलून खाली ठेवलं. फेब्रुवारीतली दगडी फरशी, खाली नदीची ओल. आम्ही श्रद्धेची प्रार्थना म्हटली, मग स्तोत्रं, एकामागून एक. गुटा दाराशी उभी राहून एकेकीच्या तोंडाकडे बघत होती. आता कुणीतरी बोलेल. आता कुणीतरी हसेल.

सातव्या स्तोत्राला विलबिर्गने डोळे उघडले आणि म्हणाली, "गुटा, गार लागतंय गं." चाळीस जणींनी ऐकलं. डेमुटने सूर चढवला, आणि आम्ही सगळ्या तिच्यामागे चढलो.

गुटा पुढे आली, तर आईसाहेबांनी तिला बाहेर काढून सरपणाच्या खोलीत पाठवलं आणि कडी लावली. आम्ही पाळ्या लावून स्तोत्रं म्हणत राहिलो. तो दिवस गेला, दुसराही गेला. विलबिर्ग राखेवर होती आणि पाळी संपवून बाहेर पडणारी प्रत्येक जण पुढचीच्या नजरेला नजर न देता जात होती. पलंग दोन हातांवर होता. मी माझी पाळी दोनदा केली.

तिसऱ्या सकाळी सरपण आणायला गेलेल्या आचारीण बहिणीने सरपण आणलं आणि कडी मागे उघडीच ठेवली. विसरली असं म्हणाली. गुटा आली, प्रार्थना म्हणणाऱ्या बायकांमधून सरळ चालत गेली, विलबिर्गला उचललं आणि घेऊन गेली. कुणी अडवलं नाही. तेवढंही धाडस आमच्यात नव्हतं. स्वयंपाकघरात चुलीमागे गुटाची गवताची गादी होती. तिथे, दुपारच्या घंटेआधी, विलबिर्ग गेली.

पाच दिवसांनी बिशपांचा माणूस आला. सणाच्या दिवशी फळी वाजली का, असं त्याने चाळीस जणींना विचारलं. चाळीस जणी म्हणाल्या, वाजली, आणि त्यापुढे ती दोन रात्री जिवंत होती हे कुणी काढलं नाही. मग त्याने गुटालाही विचारलं, "फळी तूच वाजवलीस?" ती म्हणाली, "मीच." पुढे त्याने काही विचारलं नाही. पानं वाचताना त्याच्या डोळ्यांत पाणी आलं आणि त्याने स्वतःसाठी एक प्रत मागितली. आज ती कथा अकरा मठांत आहे. ती ऐकून मुली व्रत घेतात, आणि मेणबत्त्यांच्या सणाच्या आधी उपास धरतात. कितीजणी, ते मला कुणी कळवत नाही.

आज्ञा मोडली म्हणून गुटाला चाळीस दिवस जमिनीवर बसून एकटीने जेवायची शिक्षा झाली आणि दुखणाईतांची खोली कायमची गेली. पुढे ती डुकरांकडे होती, नऊ वर्षं, मरेपर्यंत. आमच्यातली एखादी आजारी पडली की मनातून तिलाच बोलवावंसं वाटे. बोलावलं मात्र कुणी नाही.

शिक्षेच्या पहिल्याच दिवशी मी पाटी घेऊन तिच्याजवळ जमिनीवर बसले. कथेला शेवट हवा होता, आणि शेवटी तिथे गुटाच होती.

"शेवटचं काय बोलली ती?"

गुटा भाकरी चावत होती. गिळून झाल्यावर म्हणाली, "सूप पाजलं. चार चमचे घेतले. आवडीने घेतले हो, बळेच नाही. मग म्हणाली, आणखी आहे का? मी म्हटलं, पातेलंभर आहे, सगळं तुझंच. वळून पळी बुडवली, आणि परत फिरले तोवर..." तिने भाकरी खाली ठेवली. "आणखी आहे का, एवढंच बोलली. लिहा ताई. तसंच्या तसं लिहा."

मी तिच्यासमोर लेखणी उचलली. ‘प्रभूचं नाव ओठांवर घेऊन ती हसतमुखाने गेली,’ असं लिहिलं. गुटाला वाचता येत नव्हतं. तिने ओळीवरून बोट फिरवलं आणि विचारलं, "लिहिलंत ना?"

मी म्हटलं, "लिहिलं."