चिमण्यांनी खाल्लेला मान्ना

त्या थंडीत मी मुंबईची इंग्रजी शाळा संपवून कायमची जळगावला परतले. परत आले, पण घरात कुठे बसवत नव्हतं. खिडकीशी जायचं, पुस्तक उघडायचं, मिटायचं, पुन्हा ओसरीवर यायचं. शाळेत मी एकटी यहुदी होते. इथे आमच्या आळीत आमचं एकच घर बेने इस्राएलांचं. 'तुम्ही म्हणजे नक्की कोण?' असं विचारणारे दोन्हीकडे होते. मला मात्र उत्तरं द्यायला आवडत नसे.

बाबा रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून. कापसाच्या हंगामात तिथे श्वास घ्यायला फुरसत नसे, तरी बाबांना शनिवारची सुट्टी होती. बदल्यात ते रविवारी एकटे बसून काम उरकत. ही सुट्टी त्यांच्या शब्दावर टिकली होती. वरच्या साहेबांना, म्हणजे मोठ्या बाबूंना, त्यांनी सांगितलं होतं, "शनिवारी आमच्या घरात विस्तवसुद्धा पेटत नाही. मग मी पावत्या कशा लिहू?" ते बाबूंना खरं वाटत होतं की नाही, कोण जाणे. "एकदा येऊन बघायला हवं," असं ते हसत म्हणत.

त्या शुक्रवारी ऊन उतरायच्या आधी बाबांनी अंगणात ओंजळभर ज्वारी टाकली. वर्षातून एकदा, मान्न्याचा अध्याय वाचायचा शब्बाथ, म्हणजे आमचा विसाव्याचा शनिवार, आला की ते चिमण्यांना दाणे घालत. रानात भटकणाऱ्या आमच्या पूर्वजांसाठी आकाशातून मान्ना, म्हणजे दाण्यांसारखं अन्न, पडे. शुक्रवारी दुप्पट, शनिवारी मुळीच नाही. शनिवारी काही पडणार नाही असं सांगणाऱ्या त्यांच्या पुढाऱ्याला, मोशेला, खोटं पाडायला दोघा जणांनी आपल्या वाट्याचा मान्ना रात्री गुपचूप बाहेर पसरून ठेवला. उजाडायच्या आत पाखरं आली आणि त्यांनी कण न् कण टिपला. लोक बाहेर आले तेव्हा जमीन स्वच्छ होती.

"शाळेत सांगितलं, तो वाळवंटातल्या झुडपाचा डिंक असतो," मी म्हणाले.

"असेल डिंक. पण शनिवारी पाझरायचं नाही, हे झुडपाला कुणी शिकवलं?"

"आणि पाखरांचं काय? त्यांना भूक लागली असेल, एवढंच."

"लागलीच असेल," बाबा हसले. "पुण्य उपाशीपोटी करावं, असं कुठे लिहिलंय?"

मला ते पटलं नाही. एवढ्या मोठ्या चमत्काराच्या शेवटी चिमण्या कशाला हव्यात, हेच डोक्यात फिरत राहिलं.

शनिवारी सकाळी बाबा पुढच्या खोलीत पुस्तक घेऊन बसले होते. मी मागच्या दाराशी गेले आणि थबकले. आत्या, बाबांची थोरली विधवा बहीण, परसात शेगडी फुलवून आल्याचा चहा उकळत होती. थंडीत तिची छाती भरून येई, गरम चहाने मोकळी होई. मला बघून तिने बोट ओठांवर ठेवलं. तेवढ्यात पुढून आवाज आला.

"धक्क्यावर गाठींचा डोंगर झालाय. म्हटलं, तुमचा शनिवार असतो तरी कसा, बघून यावं!"

मोठे बाबू. मी दारातच उभी राहिले. आत्या जागची हलली नाही. तिच्या हातातला पंखा तसाच वर राहिला. बाबूंनी दोनदा हवेत हुंगलं.

"वास तर आल्याचा येतोय," ते म्हणाले आणि उठून सरळ मागे आले.

मला काहीतरी बोलायचं होतं. तेवढ्यात शेजारची अक्का बुटकी भिंत ओलांडून आली. पारोळ्याकडची, शेतकऱ्याच्या घरची, अहिराणी बोलणारी, आवाजाने खणखणीत. तिने पदराने कडी धरून किटलीसकट शेगडी उचलली.

"मनी शेगडी शे, भाऊ. मना आंगनम्हा वारा भलता शे, म्हनीसन आठे ठेयेल व्हती. चहा ल्या ना!" शेगडी स्वतःची म्हणून सांगत ती भिंतीपलीकडे घेऊनही गेली.

बाबू भिंतीपलीकडून आलेला आत्याचाच चहा प्यायले. दोन कप. जाताना बाबांना म्हणाले, "तुमची शेजारीण चहा झकास करते."

दिवसभर मी बाबांच्या प्रश्नाची वाट बघत होते. आत्या भिंतीकडे तोंड करून पडून होती. चांदण्या दिसल्या, शब्बाथ संपला, दिवे लागले, तरी बाबांनी काही विचारलं नाही. मलाच राहवत नव्हतं. आमचा शब्बाथ अक्काच्या खोट्यावर वाचला होता. आता तो खरा कसा म्हणायचा? मग आठवलं, मान्न्याच्या गोष्टीतल्या त्या सकाळी स्वच्छ जमीन बघणाऱ्यांनाही रात्री तिथे काय पडलं होतं ते कळलं नव्हतं. मोशेला तरी कळलं होतं का?

सुट्टी चालू राहिली. पुढच्या शुक्रवारी बाबा सरकी काढायच्या जिनातून कापूस घेऊन आले. एका जुन्या खोक्यात त्यांनी तो दाबून भरला, मधे खळगा केला आणि ऊन उतरायच्या आत आत्याला हाक मारली.

"ताई, चहा करून किटली यात ठेव. सकाळपर्यंत कोमट राहील."

आत्याने खळग्यात हात घालून पाहिला. मग म्हणाली, "कोमट चहा म्हणजे औषध रे!"

"औषधच समज."

त्यांनी पुन्हा ज्वारीचा डबा काढला. वर्षातून एकदाच घालायची ती ज्वारी. मी हात पुढे केला. माझ्या ओंजळीतली निम्मी मी भिंतीपलीकडे अक्काच्या अंगणात टाकली.

"ओ बाई," पलीकडून आवाज आला, "आठे कोंबड्या शेतस! चिमण्यास्ना वाटाले काहीच उरावं नही!"